भाकरीवाल्या ताईंची थोरली जाऊ

मला माझ्या जावेचा हेवा वाटतो. हे आधीच सांगून टाकते, कारण दिवाळी अंकात लिहायला बसलं की माणूस बरंच काही झाकून ठेवतो आणि वाचणाऱ्याला नेमकं तेच आधी दिसतं. संपादकांनी मला शिवारफेरीचे अनुभव लिहा म्हणून सांगितलंय. अनुभव पुष्कळ आहेत. पण कुठलाही अनुभव सांगायला घेतला की शेवटी हिराची भाकरी मधे येते. तेव्हा हिरापासूनच सुरुवात केलेली बरी.

हिरा माझी धाकटी जाऊ. तिचं माहेर किकवीचं, हायवेच्या कडेचं. तिकडं ज्वारी-बाजरी खातात. आमच्या वेल्ह्याच्या अंगाला भाकरी तांदळाची, नाहीतर नाचणीची. तांदळाच्या पिठाला आधी उकळत्या पाण्यात उकड काढावी लागते, मग हात पोळत असतानाच मळावं लागतं, नाहीतर भाकरीला कडेनं चिरा पडतात. लग्न होऊन आली तेव्हा हिराला यातलं काही येत नव्हतं. तिची पहिली भाकरी बघून सासूबाई म्हणाल्या होत्या, ही कुणी फाडून ठेवली. तिला उकड मी शिकवली. हात पाण्यात बुडवून पीठ कसं चेपायचं, परातीत भाकरी फिरवताना मनगट कसं सैल ठेवायचं, सगळं मी शिकवलं. आता तिची भाकरी पापुद्र्यासारखी सुटते आणि फुगून तव्यावरून उठू बघते. माझी भाकरी चांगली असते. माझ्या भाकरीबद्दल एवढंच बोलता येतं.

माझा धंदा काय, ते सांगते. नसरापूरला हायवे सोडला की मार्गासनीवरून वेल्ह्याला रस्ता जातो. मार्गासनीच्या पुढं आतल्या अंगाला आमचं गाव. पुण्याचे पाहुणे नसरापुरात उतरतात, तिथून रफिकभाई त्यांना आपल्या जीपमधून गावच्या मारुतीपाशी आणून सोडतो. मारुतीपासून मी त्यांना ताब्यात घेते आणि शिवार दाखवत दाखवत पायी फिरवते. ओढा, भाताची खाचरं, खळं, वर टेकाडाला नाचणी-वरईचे तुकडे, आणि शेवटी आमच्या घरी पडवीत जेवण. याला मी शिवारफेरी म्हणते. पाहुणे याला वेगवेगळी नावं देतात.

लोकांना वाटतं यात काय, चालायचं आणि बोट दाखवायचं. बोट दाखवणं सगळ्यात सोपं. अवघड असतं ते पाय बघणं. पावसाळ्यात बांधाला खेकड्यांनी बिळं पाडलेली असतात, त्यावर पाय पडला की माणूस गुडघ्यापर्यंत आत जातो. शहरातली माणसं चालताना खाली बघत नाहीत, समोरही बघत नाहीत, मोबाईलमध्ये बघतात. मी पुढं चालते खरी, पण कान मागं असतो. कोण धापा टाकतंय, कोण मागं रेंगाळतंय, कुणाच्या बायकोचा आणि त्याचा सकाळपासून अबोला आहे, हे मला मान न वळवता कळतं. थांबायचं कुठं आणि किती, तेही माझ्या हातात असतं. एका जागी जास्त रेंगाळलं की माणसं दमतात, कमी थांबलं की त्यांना काही दिसतच नाही. माझी फेरी कधी लांबत नाही, याचा मला अभिमान आहे.

आणि बोलणं. ते माझं खास. उन्हाळ्यात आमच्याकडं दाखवायला काय असतं? भाजलेला राब. भाताची रोपं जिथं करायची त्या तुकड्यावर पालापाचोळा, शेण, काटक्या पसरून ते जाळतात, म्हणजे तण मरतं आणि जमीन भुसभुशीत होते. म्हणजे दिसायला एक काळा चौकोन. भर उन्हात लोकांना एका काळ्या चौकोनापाशी उभं करून हसवायचं, हे येरागबाळ्याचं काम नाही. मी तिथं म्हणते, “बघा, जमिनीला आधी भाजायचं, मग भिजवायचं, मग तुडवायचं, आणि मग म्हणायचं आता घर भर. नव्या सुनेचं असंच असतं.” बायका हसतात, मग पुरुष हसतात, मग कुणीतरी सासू हसायची थांबते. हे वाक्य माझं आहे. ते मी घडवलंय, कुठं श्वास घ्यायचा तेही ठरलेलं आहे.

गिऱ्हाईक हरतऱ्हेचं येतं. एक गृहस्थ होते, त्यांना सगळं अस्सल पाहिजे होतं. आमच्या घरात मिक्सर बघून त्यांचा चेहरा पडला. पाट्यावर वाटत नाही का तुम्ही, म्हणाले. मी त्यांना पाट्या-वरवंट्याचं महत्त्व सांगायला लागले, तोवर हिरानं आतून कोंबड्या झाकायचं डालगं आणलं आणि मिक्सरवर पालथं घातलं. गृहस्थ एकदम खूश. डालग्याचा फोटो काढला. चटणी मिक्सरचीच होती, ती त्यांनी दोनदा मागून घेतली.

लावणीच्या दिवसांत पाहुण्यांना चिखलात उतरून रोपं लावायची हौस असते. त्यासाठी आम्ही एक खाचर वेगळं ठेवलंय, त्याला घरात पाहुण्यांचं खाचर म्हणतात. तिथं सगळी रोपं वाकडी, कुठं दाट, कुठं विरळ, काही तर उलटी. पाहुणे गेले की दुसऱ्या दिवशी आम्ही ती काढून नीट लावतो. दिवाळीत तेच लोक फोन करून विचारतात, आमचा भात कसा आहे. मी म्हणते, झकास आहे.

मळणीच्या वेळचा एक किस्सा तर माझ्या जिव्हारी लागलेला. भात झोडून वारा देऊन झाला की खळ्यावर रास पडते. ती मापताना बोलायचं नसतं. मापणारा पहिल्या मापाला एक म्हणत नाही, लाभ म्हणतो. पुढं दोन, तीन. आमचे भावजी, म्हणजे हिराचे मालक, मापाला बसले होते. पाहुण्यांमध्ये एक बँकेतले साहेब होते. भावजी लाभ म्हणाले, तसे साहेब पुढं होऊन म्हणाले, “अहो, एक म्हणायचं राहिलं तुमचं.” भावजींनी माप परत राशीत ओतलं आणि पहिल्यापासून सुरू केलं. साहेबांना वाटलं ह्या माणसाला मोजता येत नाही. ते मदतीला बसले आणि मोठ्यानं मोजायला लागले. भावजींनी परत ओतलं. मी साहेबांच्या कानाशी लागून रीत समजावत होते, कळकळीनं समजावत होते, आणि ते मान हलवून पुन्हा मोजत होते. भावजींच्या कपाळाची शीर दिसायला लागली. तेवढ्यात हिरा घरातून आली आणि साहेबांच्या हातात गरम भाकरी अन् वर लसणाची चटणी ठेवली. साहेबांचं तोंड भरलं. रास मापून झाली.

सगळे हसले. मीही हसले. पण माझ्या मनात आलं, एवढा वेळ मी बोलत होते ते काय वाऱ्यावर? हिनं तोंडातून शब्द काढला नाही आणि काम झालं.

हे असं वाढत गेलं. एकदा एक म्हातारे गृहस्थ आले होते, निवृत्त मास्तर. सबंध फेरीत त्यांनी मान वर केली नाही. मी माझं सगळं पणाला लावलं, राब झाला, ओढा झाला, मी नेहमी सांगते ती आजेसासूची गोष्ट झाली, पण मास्तर ढिम्म. पडवीत पान वाढलं, त्यांनी भाकरीचा तुकडा मोडला आणि डोळे पुसायला लागले. आईची आठवण झाली असणार. सगळी मंडळी त्यांच्याभोवती जमली, मग हिराला बाहेर बोलावलं, मग मास्तरांनी तिला हात जोडले. हिरा लाजून चुलीशी पळाली. मी तिथंच पाण्याचा तांब्या घेऊन उभी होते. मला कुणी पाणीसुद्धा मागितलं नाही.

आणि ओढ्याचा दिवस. मी मंडळींना घेऊन टेकाडावर गेले आणि वरून पाऊस असा कोसळला की परतीचा ओढा भरून वाहायला लागला. पलीकडं घर दिसतंय, पण पाय घालायची सोय नाही. बरोबर लहान मुलं, एक बाई तर रडायलाच लागली. मी सगळ्यांना राखणीच्या मचाणासारख्या माळ्याखाली दाटीवाटीनं बसवलं आणि पाणी उतरेपर्यंत बोलत राहिले. डुकरं कशी येतात, पूर्वी राखण कशी करायचे, पावसात पाठीवर पानांचं इरलं घेऊन बायका कशा वाकायच्या, सगळं सांगितलं. संपलं की परत नवं काढलं. रडणारी बाई हसायला लागली. त्या दिवसासारखी मी कधीच बोलले नव्हते. ओढा उतरल्यावर एकेकाचा हात धरून पार नेलं, घरी आणलं. हिरानं गरम पिठलं आणि भाकरी वाढली. संध्याकाळी माझ्या मुलीनं मोबाईलवर मला त्या लोकांनी लिहिलेलं वाचून दाखवलं. ‘पावसात अडकलो होतो. गाईड बाई जरा जास्त बोलतात, पण भाकरी अप्रतिम.’

तो ‘पण’ माझ्या घशात अजून अडकलाय. माझ्यामुळं ती माणसं ओढ्यात उतरली नाहीत, आणि मी पणाच्या अलीकडं. तेव्हापासून फोन आला की लोक आधी विचारतात, त्या भाकरीवाल्या ताई आहेत ना? मी म्हणते, आहेत. तुम्ही कोण, असं विचारलं तर म्हणते, त्यांची थोरली जाऊ.

मग गेल्या साली एक मॅनेजर फेरीला आला. हायवेच्या बाजूला नवं रिसॉर्ट झालंय, तिथला. माझं बोलणं त्यानं ऐकलं, हूं हूं केलं. जेवण झाल्यावर उठून सरळ चुलीशी गेला आणि हिराशी बराच वेळ बोलत बसला. दुसऱ्या दिवशी मी तांदूळ निवडत होते, हिरा येऊन समोर बसली. सुपातले खडे ती माझ्याआधी वेचायला लागली.

“आक्का, त्ये साहेब म्हनत्यात, आमच्याकडं या. भाकरी करायला. गाडी पाठवत्यात.”

“मग?”

“जाऊ का म्या?”

“मला काय इचारतीस?”

“तुमाला न्हाई इचारायचं तर कुनाला?”

माझ्या मनात त्या क्षणी काय चाललं होतं ते सांगते. ही गेली तर माझी फेरी लंगडी होईल, हे मला स्वच्छ दिसत होतं. फेरी म्हणजे माझं बोलणं, आणि शेवटाला तिची भाकरी. भाकरी गेली तर लोक नुसतं बोलणं ऐकायला एवढ्या लांब येतील का? आणि त्याच वेळी आत कुणीतरी म्हणत होतं, जाऊ दे तिला. एकदा कळू दे, लोक कुणासाठी येतात.

“जा की,” मी म्हटलं. ती माझ्याकडं बघत राहिली. आणखी काहीतरी म्हणेन असं तिला वाटलं असावं. मी तांदूळ पाखडायला घेतले.

लोक कुणासाठी येतात ते मला लवकरच कळलं. तांदळाची भाकरी तव्यावरून ताटात पडली पाहिजे. पाहुणे दारात पाय धुत असताना कुणीतरी चुलीशी असावं लागतं, आणि मी तर पाहुण्यांच्या पुढं चालत असते. सकाळी करून ठेवलेली भाकरी दुपारी वातड होते. शेजारच्या एकीला बसवलं, तिचं मन लागेना. मग मी भात-पिठलं सुरू केलं. लोक जेवायचे, चांगलं म्हणायचे, आणि चुलीकडं बघून विचारायचे, “त्या ताई कुठं गेल्या?”

“त्यांनी नोकरी धरली.”

“अरेरे,” म्हणायचे. माझ्या तोंडावर. फोन कमी यायला लागले. एका रविवारी तर मारुतीपाशी फक्त एक नवरा-बायको उतरले, त्यांनाही वाटलं होतं भाकरी आहे. बचत गटातल्या बायका विचारायला लागल्या, फेरी बंद करतेस का काय? मी म्हणाले, मरेपर्यंत नाही. घरी येऊन मात्र मी हिशेब केला की मरेपर्यंत कशाच्या जोरावर.

अशात एकदा रफिकभाई त्या नवरा-बायकोंना सोडून परत निघताना मला म्हणाला, “आक्का, तुमची जाऊ तिकडं लई गाजतीया.”

“गाजंल की. भाकरीच तशी हाय.”

“भाकरीचं न्हाई म्हनत. बोलती लई भारी.”

“कोण, हिरा?”

“व्हय. लोकं खुर्च्या वडून बसत्यात. अगदी तुमच्यावानी बोलती.”

त्याला वाटलं तो मला बरं वाटेल असं सांगतोय. हिरा घरात कधी दहा शब्द सलग बोलत नाही. ती बोलायला लागली तर मग माझ्याकडं राहिलं काय?

फेरी नव्हती अशा एका दिवशी मी नसरापूरला पीठ चाळायची चाळणी आणायला जाते म्हणून निघाले. चाळणी घरात चांगली होती. रफिकभाईनं काही न विचारता मला रिसॉर्टच्या मागच्या फाटकाशी उतरवलं. “किचनकडनं जावा. म्होरनं गेलासा तर तिकीट मागत्यात,” म्हणाला.

तिथं पेंढ्यांनी शाकारलेला मोठा मांडव होता. मधे मातीची चूल, छान सारवलेली, आत मात्र गॅसची शेगडी. हिरा चुलीमागं बसली होती. अंगावर नऊवारी, नाकात नथ; दोन्ही तिची नव्हती. समोर शहरातली माणसं अर्धगोल करून बसलेली. मी एका खांबाआड उभी राहिले, खांबालाही पेंढ्या बांधल्या होत्या.

हिरा भाकरी थापत होती आणि बोलत होती.

“जमिनीला आदी भाजायचं, मग भिजवायचं, मग तुडवायचं, आन मग म्हनायचं आता घर भर. नव्या सुनंचं असंच असतंय.”

मंडळी हसली. श्वाससुद्धा तिनं माझ्याच जागी घेतला. मग ओढा आला, डुकरं आली, माळा आला. आजेसासूची गोष्ट आली, माझ्याच आवाजात, माझ्याच हातवाऱ्यानं, फक्त हाताला पीठ लागलेलं. पडवीत जेवताना मी राबापासून बरंचसं परत रंगवून सांगते, ते तिनं इतकी वर्षं चुलीशी बसून ऐकलं होतं, आणि बाकीचं बहुतेक पाहुण्यांनी विचारलेल्या प्रश्नांतून जोडलं होतं. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. भाकरी मी दिली, ती तिची झाली. आता हेही? मी पुढं होणार होते. काय म्हणणार होते ठाऊक नाही, पण नथ ओढून काढावी असं नक्की वाटलं.

तेवढ्यात ती लावणीवर आली. हेही माझंच: बायका ओळीनं उभ्या राहतात, प्रत्येकीला एकेक पात वाटून दिलेली असते, मागं मागं सरकत रोपं लावायची, आणि जी मागं पडेल तिची पात तशीच मोकळी राहते, दोन्ही बाजूंनी हिरवं होतं, बांधावरून सगळ्यांना दिसतं. मी इथं मागं पडलेलीला चिडवायची गाणी सांगते आणि पुढं निघते.

हिरा पुढं निघाली नाही. तिनं भाकरी उलटली आणि म्हणाली, “एका साली म्या अशीच हुबी व्हते. माझं पोटातलं प्वार गेलं व्हतं, लई दिस झालं नव्हतं. घरात कुनी त्याचं नाव काढत नव्हतं. लावनी आली, गेले. हातात रोपं, पन हात हालंना. चिकलात नुसती हुबी. वाटलं आता पात उगडी पडंल, सासूबाई बांदावरनं बगतील, बाया हासतील. माझ्या शेजारी आमच्या आक्का व्हत्या, थोरल्या जाऊबाई. त्यांनी माझ्याकडं बगितलं बी न्हाई. नुसता हात लांब केला. त्यांची पात आन माझी पात, दोन्ही लावत गेल्या. दुपारपतूर. म्या त्यांच्यासंगं नुसती मागं सरकत व्हते. कुनालाच कळलं न्हाई.”

एका बाईच्या हातातला मोबाईल आपोआप खाली आला.

“मला वाटलं सांजच्याला बोलतील. न्हाई बोलल्या. आजपतूर न्हाई. तशा त्या लई बोलत्यात. पन ह्ये न्हाई.”

आणि तिनं भाकरी ताटात टाकली.

मला तो दिवस आठवायलाच वेळ लागला. आठवली ती कंबर. रात्रभर दुखली होती. पात उघडी पडली असती तर सासूबाई दोघींनाही बोलल्या असत्या, आणि मला तेव्हा बोलणी खायची ताकद नव्हती, म्हणून लावली. एवढंच. त्यात सांगण्यासारखं काही आहे असं मला कधी वाटलंच नाही. मागं पडलेलीची पात लावली तर तिचा बोभाटा करायचा नसतो, एवढं आमच्यात सगळ्यांना कळतं, म्हणून गप्प राहिले आणि मग विसरून गेले. आणि खांबाआड उभी राहून मला जे वाटलं ते खरं खरं लिहिते: एवढी चांगली गोष्ट माझ्या फेरीत नव्हती. माझ्याच आयुष्यातली, माझ्याच खाचरातली, आणि ती हिच्याकडं होती.

डोळ्यांत पाणी आलं ते नंतर, जीपमध्ये बसल्यावर. “जाऊबाईंना भेटला न्हाई?” रफिकभाईनं विचारलं. “कामात व्हती,” मी म्हटलं. चाळणी घ्यायची राहिली ती राहिलीच.

पुढच्या रविवारी चार माणसं आली होती. त्याच खाचरापाशी मी थांबले आणि सांगायला सुरुवात केली. “इथं एकदा मी माझ्या जावेची पात लावली होती.” पुढं काय? तिचं काय झालं होतं, ते माझं सांगायचं नव्हतं. कंबर दुखली, हे सांगून काय होणार? मला माझंच कौतुक करून घेतल्यासारखं वाटायला लागलं. मंडळींनी माना डोलावल्या आणि बगळ्याचा फोटो काढला. इतकी वर्षं मी लोकांना बांधून ठेवते, आणि ही एक गोष्ट माझ्या तोंडून उभी राहीना. जिची पात लावली तिनंच ती सांगायची असते, हे मला तिथं उन्हात कळलं, आणि त्याचाही मला हेवा वाटला.

मंगळवारी रिसॉर्टला सुट्टी असते. हिरा परसात भांडी घासत होती. मी जाऊन विसळायला बसले.

“गुरवारी कालिजची पोरं येनार हायत फेरीला. रजा काढ. येतीस?”

“भाकरी करायला?”

“भाकरी म्या करीन. तू फेरीला ये. म्होरं.”

तिनं हात थांबवला. “मला न्हाई जमायचं तुमच्याम्होरं बोलाया.”

“तिकडं तर जमतंय.”

तिनं घासलेलीच कढई परत घासायला घेतली. मग ती हळूच म्हणाली, “तुमी आला व्हता.”

“व्हय.”

“ऐकलं?”

“सगळं.”

“रागावला?”

“लई. माजी समदी फेरी उचलून नेलीस.”

हिरा हसली. कढईच्या काळ्या हातानं तोंड झाकून हसली, त्यामुळं गाल काळा झाला. “मग म्या दुसऱ्या कुनाचं ऐकलंया? जलमभर तुमचंच ऐकलं.” मग गंभीर झाली. “आन त्ये दुसरं? त्ये सांगितलं म्हनून बी रागावला?”

“त्ये मला न्हाई सांगता येत,” मी म्हटलं. “म्या बगितलं सांगून. तू सांग.”

थोरल्या जावेनं धाकटीकडं काही मागायची आमच्याकडं पद्धत नाही. मी मागितलं. तिनं कढई विसळायला माझ्याकडं सरकवली.

गुरुवारी ती आली. स्वतःच्या साध्या साडीत, नथ नाही. राबापाशी मी माझं वाक्य म्हटलं आणि पोरं हसली. मी हिराकडं बघितलं, तीही हसत होती. खाचरापाशी मी बाजूला झाले. ती चाचरली, पदर बोटाला गुंडाळला, माझ्याकडं बघितलं. मी बांधाकडं तोंड करून उभी राहिले, म्हणजे तिला बोलता येईल. तिनं सुरुवात केली. मागं वळून बघितलं तेव्हा सगळी पोरं तिच्याकडं वळली होती आणि माझ्याकडं त्यांच्या पाठी होत्या. माझ्या फेरीत, माझ्या शिवारात. तोच जुना हेवा परत आला. मला पुढं घरी जाऊन उकड काढायची होती, आणि फेरी लांबत चालली होती. मागं एक पोरगा मोबाईल काढून कुणाशी तरी बोलायला लागला होता. मी त्याच्यापाशी गेले, त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हटलं, “ऐक. माझी जाऊ बोलतीय.”